"लंकेला होते की": कोपरखैरण्यातील एका माजी सैनिकाचं प्रकरण

हे प्रकरण कोपरखैरण्यात राहणाऱ्या एका कुटुंबाचं आहे. पती-पत्नी दोघांची लेखी संमती आहे. नावं, गाव, पलटणीचा क्रमांक आणि ओळख पटेल असे तपशील गाळले किंवा बदलले आहेत. पतीने, म्हणजे काकांनी, एक अट घातली होती, ती पुढे ओघात येईल. ठाणे आणि नवी मुंबईत सातारा, सांगली, कोल्हापूरकडचे माजी सैनिक हजारोंनी राहतात. बँकेच्या दारात, सोसायटीच्या गेटवर, एटीएमबाहेर आपण त्यांना रोज पाहतो. त्यांच्या घरांशी ज्यांचा कामानिमित्त संबंध येतो, त्या डॉक्टर, समुपदेशक आणि समाजसेवकांनी हे वाचावं असं मला मनापासून वाटतं.

तक्रार काय होती

मुलगा वडिलांना घेऊन आला. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: बाबा खाली उतरत नाहीत, रात्री झोपत नाहीत, काही विचारलं की अंगावर येतात, विसरभोळेपणाचा आजार तर नाही ना ते बघा. शेजारी काका ताठ बसलेले. दाढी गुळगुळीत, शर्टाला कडक इस्त्री, नजर दाराकडे.

काका १९८३ साली बेळगावला मराठा लाइट इन्फंट्रीत भरती झाले. १७ वर्षं नोकरी करून २००० साली लान्स नाईक म्हणून निवृत्त झाले. थोरले बंधू आधीपासूनच ठाण्यात होते. भावकीतली बरीच माणसं वाशीच्या बाजारात माथाडी, म्हणून कोपरखैरण्यात घर झालं. पुढे ठाणे-बेलापूर रस्त्यावरच्या एका कंपनीत सिक्युरिटीची नोकरी केली, तीही स्वतः मागून घेतलेल्या रात्रपाळीत. साठी आली तशी कंपनीने रजा दिली. तोवर घरात कुणाला काही खटकलं नव्हतं. माणूस रात्री जागा असतो, कारण त्याची ड्युटीच रात्रीची आहे, असं सगळे धरून चालले होते.

नोकरी सुटल्यावर काही महिन्यांत सोसायटीच्या गेटासमोर गॅसची लाइन टाकायला चर खणला. पाइप गेला, चर बुजवला, वर मोकळी माती राहिली. त्या दिवसापासून काका गेटाबाहेर पडेनात. दूध, भाजी, बिलं सगळं काकूंवर आलं. काका गच्चीत फेऱ्या मारायचे आणि कठड्यावरून त्या मातीच्या पट्ट्याकडे बघत उभे राहायचे. मग एके सकाळी नातू शाळेच्या बसकडे धावत निघाला आणि त्याने त्या मातीवर पाय टाकला. काकांनी त्याला दंडाला धरून मागे खेचलं. पोराच्या हातावर वळ उठले. सून घाबरली आणि मुलगा आमच्याकडे आला.

स्मृतीच्या चाचण्यांत काका उत्तम होते. बी-१२, थायरॉइड ठीक होतं. कॅन्टीनची रम रोज चालू होती, तीही वाढत्या मापाने. मनोविकारतज्ज्ञांकडे पाठवण्याआधी मी नेहमीप्रमाणे नोकरीचा इतिहास विचारला. काकांनी पोस्टिंगची यादी घडाघडा सांगितली: बेळगाव, जम्मू, नागालँड, राजस्थान. युद्धात भाग घेतला होता का, यावर उत्तर आलं, "नाही." काकू बाजूला बसल्या होत्या. त्या काहीच बोलल्या नाहीत. निघताना काका चपला घालायला पुढे गेले तेव्हा त्या माझ्या टेबलाशी थांबल्या आणि हळूच म्हणाल्या, "लंकेला होते की."

कुठलं युद्ध

तिशीतल्या सहकाऱ्यांना हे सांगावं लागतं, म्हणून थोडं लिहिते. २९ जुलै १९८७ रोजी कोलंबोत राजीव गांधी आणि श्रीलंकेचे अध्यक्ष जयवर्धने यांनी करारावर सह्या केल्या. श्रीलंकेचं सैन्य आणि तमिळ बंडखोर यांच्यात शांतता राखायला भारताची शांतिसेना जाणार होती आणि बंडखोर शस्त्रं खाली ठेवणार होते. करारावर सिंहली समाजात इतका संताप होता की दुसऱ्याच दिवशी मानवंदना घेताना एका श्रीलंकन नौसैनिकाने राजीव गांधींवर बंदुकीचा दस्ता उगारून वार केला. श्रीलंकेच्या उत्तरेकडच्या तमिळबहुल जाफन्यात मात्र सुरुवातीला आपल्या जवानांना हार घातले गेले. काकांनाही घातला होता.

ऑक्टोबर उजाडेपर्यंत चित्र उलटं झालं. २६ सप्टेंबरला एलटीटीई या तमिळ बंडखोर संघटनेचा तिलीपन उपोषणात मेला. ५ ऑक्टोबरला श्रीलंकेच्या ताब्यातल्या एलटीटीईच्या माणसांनी सायनाइड खाल्लं. काही दिवसांतच शांतिसेना आणि एलटीटीई समोरासमोर आले, 'ऑपरेशन पवन' सुरू झालं. ज्यांना वाचवायला गेलो त्यांच्याशीच लढायची वेळ आली. आपल्या जवानांच्या हाती एकेक गोळी झाडणारी एसएलआर रायफल, समोर एके-४७. नकाशे अपुरे, भाषा कळत नाही, समोरचा माणूस शेतकरी की लढणारा हे ओळखता येत नाही. पुलाच्या मोरीत, डांबराखाली, पायवाटेत सुरुंग पुरलेले. २१ ऑक्टोबरला जाफन्याच्या रुग्णालयात आपले सैनिक शिरले आणि रुग्ण, डॉक्टर, नर्स असे साठच्या आसपास लोक मारले गेले. लष्कराने ती चकमक म्हटली, तमिळ समाजाने हत्याकांड म्हटलं. हे लिहिताना हात अडखळतो, पण ते टाळलं तर पुढचं काहीच समजणार नाही.

त्याच वर्षी २५ नोव्हेंबरला महार रेजिमेंटच्या ८ व्या बटालियनचे मेजर रामस्वामी परमेश्वरन एलटीटीईशी लढताना गेले आणि मरणोत्तर परमवीर चक्राचे मानकरी झाले. तमिळ घरातला, मुंबईत जन्मलेला अधिकारी महार पलटणीतून तमिळ बंडखोरांशी लढतो. एवढ्या एका गोष्टीतून ते युद्ध किती गुंत्याचं होतं ते कळतं. जवळपास अडीच वर्षांत सुमारे १,२०० भारतीय सैनिक मारले गेले. १९८९ मध्ये श्रीलंकेचे नवे अध्यक्ष प्रेमदासा यांनी शांतिसेनेला जायला सांगितलं. २४ मार्च १९९० ला शेवटची तुकडी निघाली. मद्रासला परतणाऱ्या सैन्याच्या स्वागताला मुख्यमंत्री करुणानिधी गेले नाहीत, कारण आपल्याच तमिळांवर गोळ्या झाडून आलेल्यांचं स्वागत कसं करायचं, अशी त्यांची भूमिका होती. पुढे वर्षभराने, २१ मे १९९१ ला, श्रीपेरुंबुदुरला राजीव गांधींची हत्या झाली आणि त्यानंतर देशाला शांतिसेनेचा विषय नकोसाच झाला.

किसननगरचं घर

लग्न मे १९८७ मध्ये झालं. काकू तेव्हा एकोणीस वर्षांच्या. घरात अडचण होती म्हणून सासऱ्यांनी त्यांना थोरल्या दिरांकडे, वागळे इस्टेटजवळच्या किसननगरात पाठवलं. दीर इस्टेटमधल्या कारखान्यात होते. दहा बाय बाराची खोली, सामाईक नळ, दारासमोर उघडं गटार. काकांची पत्रं 'मार्फत ५६ एपीओ' अशी यायची. कुठे आहे ते लिहायचं नाही, म्हणून "साउथला आहे, खुशाल आहे" एवढंच. खरं काय ते दिरांनी वर्तमानपत्रात वाचलं.

तेव्हा दर रविवारी सकाळी दूरदर्शनवर रामायण लागायचं. ज्यांच्या घरी टीव्ही होता त्यांच्या दारात अर्धी चाळ गोळा व्हायची. पोरं काकूंना विचारायची, "काका पण लंकेतच लढतायत ना?" मोठी माणसं म्हणायची, येताना सोन्याची वीट आणायला सांग. काकू हसून वेळ मारून न्यायच्या. त्यांच्या जिवाला किती लागत होतं याचा कुणाला अंदाज नव्हता.

बाजूच्या खोलीत एक तमिळ कुटुंब होतं. त्या घरच्या बाईंना सगळी चाळ अक्का म्हणायची. काकू नवी नवरी, जाऊबाई कडक, त्यामुळे जीव रमायचा तो अक्कांकडेच. इडलीचं पीठ आंबवायला काकू त्यांच्याकडेच शिकल्या.

नोव्हेंबरात एका दुपारी तार आली. दीर कामावर, तार इंग्रजीत. काकू ती हातात धरून उंबऱ्यातच बसल्या. अक्कांनी वाचली: "फादर सीरियस. स्टार्ट इमिजिएटली." सासरे अत्यवस्थ होते. पोचेपर्यंत ते गेले.

काकू माझ्यासमोर म्हणाल्या, "तार ऐकली आणि मला हायसं वाटलं हो ताई. सासऱ्यांनी मला लेकीसारखं वागवलं होतं. आणि मला हायसं वाटलं." हे त्यांनी कुणालाही सांगितलं नव्हतं. दर वर्षी सासऱ्यांच्या तिथीला त्या दिवसभर कडकडीत उपास करतात. घरात सगळ्यांना ती भक्ती वाटते.

गावाहून परतल्यावर अक्कांचं वागणं बदललं. त्यांचा भाऊ तिरुचिरापल्लीहून आला होता, तिकडे शांतिसेनेविरुद्ध मोर्चे निघत होते. नळावर एकदा बादलीवरून वाद झाला आणि अक्का बोलून गेल्या, "तुझा नवरा तिकडे काय करतो, तुला माहीत आहे का?" काकूंना खरंच माहीत नव्हतं. बोलणं तुटलं ते तुटलंच. पुढे ते कुटुंब खोली विकून गेलं.

पत्रांत काय सापडलं

पत्रं आहेत का, असं मी काकूंना विचारलं ते केवळ तारखा लागाव्यात म्हणून. त्यांनी साडीच्या दुकानाच्या पिशवीत बांधून ठेवलेली निळी अंतर्देशीय पत्रं आणली. बहुतेक पत्रांत म्हैस, पाऊस, मनीऑर्डर पोचली का, दादांची तब्येत, एवढंच. पण डिसेंबर १९८७ च्या एका पत्रात एक वाक्य तीन वेळा आलं आहे, दोनदा मजकुरात आणि एकदा घडीच्या कडेला उभं लिहून: "घरापुढच्या गटारावर फरशी टाकली असेल तर त्यावर पाय देऊ नको. वळसा घालून जा."

काकूंनी तेव्हा अर्थ काढला की फरशी कच्ची असेल, आपण पडू, म्हणून यांना काळजी. त्या सुखावल्या होत्या. रजेवर आले तेव्हा काका स्वतःही त्या फरशीवर पाय न देता पलीकडे उडी मारायचे, रात्री दाराशी जमिनीवर झोपायचे, बूट काढायचे नाहीत. दीर म्हणाले, फौजी माणूस, सवय असते.

मातीचा ताजा पट्टा, झाकलेलं गटार, नातवाचा दंड. हे सगळं एका ओळीत लागलं ते या पत्रामुळे. काकांच्या तोंडून यातलं एक अक्षर आलं नव्हतं आणि मला वाटतं, आणखी वर्षभर आलं नसतं. आघातोत्तर तणाव, म्हणजे पीटीएसडी, हे निदान अमेरिकन मनोविकारतज्ज्ञांच्या नियमावलीत १९८० साली आलं. त्याला चालना मिळाली ती व्हिएतनामहून परतलेल्या सैनिकांच्या स्थितीमुळे. तेही देशाला दुभंगणारं, परमुलखातलं युद्ध होतं. लक्षणं दशकानुदशकं दबून राहतात आणि नोकरी सुटली, दिवस मोकळा झाला की वर येतात, हे निवृत्त सैनिकांत पुष्कळदा दिसतं. काकांच्या बाबतीत रात्रपाळीने ते काम केलं होतं. पहारा देणं हाच त्यांचा उपाय होता, आणि तो त्यांना पगारी मिळाला होता.

पत्र समोर ठेवल्यावर काका बराच वेळ ते वाचत राहिले. मग बोलायला लागले. एका गावात झडती चालू होती. विहिरीवर एका बाईने त्यांना पाणी पाजलं. पंगत बसल्यासारखे सगळे ओळीने उभे राहून प्यायले. निघताना त्या बाईने अंगणातलं पोर उचललं आणि आत जाऊन दार लावलं. काका सेक्शनमध्ये सर्वांत पुढे होते. त्यांनी दार लागताना पाहिलं होतं. पुढच्या मोरीवर स्फोट झाला. त्यांच्या मागची तीन माणसं गेली, त्यातला एक त्यांच्या शेजारच्या गावचा.

"तिला माहीत होतं का?" हा प्रश्न ते तेव्हापासून स्वतःला विचारत आहेत. माहीत असेल तर पाणी का पाजलं? माहीत नसेल तर दार का लावलं? आणि आपण ते पाहूनही थांबलो का नाही? पुढे त्या घराचं काय झालं, हे त्यांनी सांगितलं आहे. ते लिहायचं नाही, ही त्यांची अट आहे.

परतल्यावर

१९८९ च्या अखेरीस काका परतले. गावात मिरवणूक नाही, सत्कार नाही. १९७१ ला लढलेले एक आजोबा गावात होते, त्यांना दर १५ ऑगस्टला झेंडावंदनाला बोलावत. काकांना कुणी विचारलं नाही आणि त्यांनी सांगितलं नाही. १९९९ मध्ये कारगिल झालं. ठाण्यात चौकाचौकात जवानांसाठी निधी जमत होता. काका तेव्हा राजस्थानात होते. रजेवर आले की लोक आदराने विचारायचे, "कारगिलला होतात का?" ते नाही म्हणायचे आणि बोलणं तिथेच संपायचं. माझ्या फॉर्मवरच्या प्रश्नाला त्यांनी दिलेलं "नाही" हेच होतं. त्यांच्या लेखी युद्ध म्हणजे ज्याच्याबद्दल लोक विचारतात ते.

दुखऱ्या आठवणीला चारचौघांत सांगता येईल असं रूप मिळालं तर माणूस तिच्यासोबत जगू शकतो, हा माझ्या कामातला अनुभव आहे. पोवाडा असेल, फोटो असेल, पारावर रंगवून सांगितलेली हकिगत असेल. ज्या युद्धाबद्दल देशाचंच एकमत नाही, त्यातून आलेल्याला यातलं काही मिळत नाही. त्याने अभिमान सांगितला तर कुणी तरी दुखावतं, पश्चात्ताप सांगितला तर मेलेल्या सोबत्यांशी बेइमानी वाटते. मग तो म्हशीबद्दल लिहितो. दिल्लीच्या राष्ट्रीय युद्धस्मारकावर २०१९ पासून ऑपरेशन पवनमधल्या शहिदांची नावं आहेत. काकांच्या शेजारच्या गावच्या सोबत्याचंही आहे. मुलाने मोबाइलवर शोधून दाखवलं. काकांनी नाव वाचलं आणि त्याचं गाव कोणतं ते सांगितलं. मुलाला वडिलांच्या त्या सोबत्याचं नाव पहिल्यांदा कळलं.

काय केलं

मनोविकारतज्ज्ञांनी सर्ट्रालीन सुरू केलं, रम टप्प्याटप्प्याने बंद करवली. झोप सावकाश सुधारली. भीतीचं काम आम्ही पायरीपायरीने केलं: आधी गच्ची, मग जिना, मग गेटाच्या आतला ओटा. इथे अडलो. बुजवलेल्या मातीखाली पाइपच आहे, हे काकांना बुद्धीने पटत होतं, अंगाला पटत नव्हतं.

मार्ग मुलाने काढला. शेजारच्या सेक्टरमध्ये तीच लाइन पुढे सरकत होती, चर अजून उघडा होता. त्याने तिथल्या मुकादमाला गाठून सगळं सांगितलं. मुकादम बीडकडचा, त्याचा मेहुणा फौजेत. त्याने दुपारच्या सुट्टीत काम थांबवून काकांना चराजवळ बोलावलं. रिक्षाने नेलं तरी काका उतरायला तयार नव्हते. उतरले तेव्हा आधी त्यांनी दोन्ही बाजूंनी चर न्याहाळला, मग उकिडवे बसले. खाली पिवळा पाइप, त्याच्या वर वाळूचा थर, त्यावर इशाऱ्याची प्लास्टिकची पट्टी. मुकादमाने कशावर काय येतं ते सांगितलं. काकांनी खोली विचारली, जोड कुठे येतो ते विचारलं, पट्टी कशासाठी ते विचारलं. मग म्हणाले, "आता भरा." चर भरून होईपर्यंत ते तिथेच उभे होते. सगळे थर त्यांच्या देखत पडले. त्या आठवड्यात ते गेटाबाहेर आले.

याला कुणी चमत्कार समजू नये. काका आजही नव्याने खोदलेल्या रस्त्याला वळसा घालतात आणि पावसाळ्याच्या तोंडावर नवी मुंबईत असे रस्ते काही कमी नसतात. दिवाळीत ते गावी जातात. नातवाला मात्र त्यांनी स्वतः जवळ घेऊन सांगितलं की त्या दिवशी आजोबा घाबरले होते.

पेन्शनचा प्रश्न लोंबकळत आहे. अपंगत्व पेन्शनसाठी अर्ज करावा, असं मुलाचं म्हणणं. भरतीच्या वेळी नोंद नसलेला आजार नोकरीत जडला आणि त्यापायी सैनिकाला घरी पाठवावं लागलं, तर तो नोकरीमुळेच जडला असं गृहीत धरावं, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये धरमवीर सिंग प्रकरणात सांगितलं आहे. पण काका आजारामुळे सुटलेले नाहीत, मुदत भरून सुटले. शिवाय त्यांच्या वैद्यकीय कागदांत मनाच्या आजाराची एकही नोंद नाही, कारण तेव्हा त्यांना तसं कुणी विचारलंच नव्हतं. त्यामुळे वाट अवघड आहे. जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयातून कागद मागवले आहेत. काका सही करायला तयार नाहीत. जे मेले त्यांच्यापुढे आपला हात पसरू नये, असं त्यांना वाटतं. मी आग्रह धरलेला नाही.

काकूंची फाइल

एका बैठकीत दोघे एकत्र होते. काकांनी विहिरीची हकिगत काकूंना पहिल्यांदाच सांगितली. ऐकून झाल्यावर काकूंनी एकच विचारलं, "म्हणजे अक्कांना माहीत होतं?" काका म्हणाले, "तिच्या भावाला माहीत असणार." मग काकूंनी तारेबद्दल सांगितलं. आपल्या बापाच्या मरणाची तार ऐकून बायकोला हायसं वाटलं, हे ऐकून काका रागावतील अशी धास्ती काकूंना होती, आणि मलाही होती. काका म्हणाले, "मला तिकडं आठवड्याने कळलं. मी रडलो नाही. आपण जिवंत आहोत एवढंच वाटलं."

इतके दिवस काकू आमच्या नोंदींत 'सोबत आलेली व्यक्ती' होत्या. रक्तदाब गोळ्यांनीही आटोक्यात नाही, दाराची बेल वाजली की छातीत धडधड, पोस्टमन दिसला की हात गार. हे सगळं त्यांनी इतर डॉक्टरांना वयाचं म्हणून सांगितलं होतं. आता त्यांची वेगळी फाइल उघडली आहे आणि वेळही वेगळी दिली आहे. पहिल्या भेटीत त्यांनी अक्कांचा विषय काढला. ते कुटुंब डोंबिवलीकडे गेल्याचं तेव्हा कुणीतरी म्हणालं होतं. किसननगरातल्या जुन्या लोकांकडे चौकशी करायला थोरले दीर जाणार आहेत. अक्का भेटल्या तर काय बोलायचं, यावर सध्या आमचं काम चालू आहे.